आजपुरती परी

नदीकाठच्या काळ्या मातीत एक पानमळा होता. बाहेर कितीही ऊन असलं तरी आत पाऊल टाकलं की हिरवा हिरवा गारवा अंगावर यायचा. शेवरीच्या उंच, सडपातळ खोडांवर नागवेली चढत गेलेल्या, आणि त्यांची हजारो पानं एकमेकांच्या कानाला लागून कुजबुजत बसलेली. पानांच्या फटींतून उन्हाचे कवडसे गळायचे आणि ओल्या मातीवर सोन्याच्या टिकल्यांसारखे पडायचे. पानमळ्यात कुणी चपला घालून जात नसे. बांधावर चपला काढायच्या, पाय धुवायचे, मगच आत. गोजीला हे फार सोपं होतं. तिला चपलाच नव्हत्या.

गोजी नऊ वर्षांची होती. मार्गशीर्षात गावात तापाची साथ आली आणि गोजीच्या बापाला घेऊन गेली. त्यानंतर तेरा दिवसांनी तिचा भाऊ जन्माला आला. त्याचं बारसं झालं नाही, कारण बारशाला घुगऱ्या लागतात आणि घुगऱ्यांना हरभरे. म्हणून त्याला नुसतंच बाळ म्हणायचे. शेजारची धुरपा म्हातारी मात्र निराळं म्हणायची. "बापाला खाऊन आलंय," असं ती कुंपणापलीकडून म्हणायची, स्वतःशीच, पण पलीकडे नीट ऐकू जाईल एवढ्या आवाजात.

गोजीची आई अनसा बाळंतपणातून उठली ती अर्धीच उठली. गाल बसले, हात काटक्यांसारखे झाले, आणि माघ लागला तसं तिचं दूध आटायला लागलं. बाळ आधी टाहो फोडायचं. मग कण्हायला लागलं. आता नुसतेच ओठ हलवायचं. सुईण येऊन गेली, तिनं बाळाचे तळपाय दाबून बघितले आणि पदर सावरून निघून गेली. ज्या घरात तापानं माणूस गेलं त्या घरात दुसरं कुणी पाऊल टाकत नव्हतं.

म्हणून गोजी बापाच्या जागेवर पानमळ्यात जायला लागली. वाढलेल्या वेली गवताच्या पात्यांनी शेवरीला बांधायच्या, एवढंच काम. संध्याकाळी ओंजळभर ज्वारी मिळायची. ओंजळ कुणाची, तर गोजीची, म्हणजे अगदी इवलीशी.

एके दुपारी बाकीची माणसं बांधावर भाकरी खायला बसली. गोजी आतच राहिली. तिच्या फडक्यात भाकरी नव्हती, आणि रिकामं फडकं चारचौघांत सोडण्यापेक्षा काम केलेलं बरं. तिचा बाप सांगायचा, वेलीच्या गळ्याला फास नको, मिठी हवी. सुटायला नको आणि रुतायलाही नको. गोजीनं तशी गाठ मारली आणि पुढच्या वेलीकडे वळली, तेवढ्यात मागून कुणीतरी शिंकलं.

गाठीत एक परी अडकली होती.

वीतभरही नव्हती ती. पोपटी पानाचा झगा, त्याला दवाच्या थेंबांची झालर. पंख इतके पातळ की त्यांतल्या रुपेरी शिरा एकेक करून मोजाव्यात. नाकात मोहरीएवढी चमकी, आणि ती मान हलवेल तसे त्या चमकीतून सात रंगांचे कण भुरभुरत होते. पण एवढ्याशा पाठीवर एक जाडजूड गाठोडं होतं, आणि त्याच्या ओझ्यानं ती वाकली होती.

"दुसऱ्या कुणी बांधलं असतं तर माझा पंख गेला असता," परी म्हणाली. "तू बांधलंस म्हणून नुसती शिंक आली."

गोजीनं घाईघाईनं गाठ सोडली, चुकलं म्हणाली, पंखावरची धूळ हलकेच फुंकली. परीनं विचारलं, सगळे जेवतायत आणि तू इथे कशी? गोजी म्हणाली, भूक नाही. त्यावर तिचं पोट मधेच काहीतरी बोललं. परीनं त्या पोटाकडे आदरानं बघितलं, कारण दोघांत खरं बोलणारं तेच होतं.

"काय हवं ते माग," परी म्हणाली. "पण आधी ऐक. राज्यं आणि राजपुत्र वाटणाऱ्या पऱ्या निराळ्या, त्या मोठमोठ्या बागांत राहतात. मी आजची परी. माझ्याकडे फक्त आजपुरतं असतं."

मग तिनं नेम सांगितले. दिवसाला एकच मागणं, तेही ऊन डोक्यावर असताना. जे मिळेल ते आजचं आज संपवायचं. उरलं तर दिवेलागणीच्या आत कुणाला तरी देऊन टाकायचं. उद्यासाठी म्हणून कणभर जरी मागे ठेवलं, तरी परीला ते परत न्यावं लागे, आणि ठेवलेल्याबरोबर त्या दिवशीचं खाल्लेलंही निघून जाई. पण जे पुरतं संपलं, पुरतं दिलं गेलं, ते मात्र कुणालाच परत नेता येत नसे. परीलासुद्धा नाही.

गोजीला सोपं वाटलं. उरणार काय आणि ठेवणार काय? तिनं मागितलं, आज आयेला दूध येऊ दे.

परीनं विचारलं, "दूध आईच्या अंगातून येतं. तिच्या पोटात आज काय आहे?"

गोजीनं आठवून बघितलं. "पाणी," ती म्हणाली.

"मग पाण्याच्या जागी काहीतरी माग."

गोजी त्या संध्याकाळी घरी पोचली तेव्हा चुलीपाशी एक ताट झाकलेलं होतं. पांढरीशुभ्र वाफ, तिच्याखाली बाजरीच्या टम्म फुगलेल्या भाकऱ्या, त्यांवर पिवळंधमक तूप, हिरवीगार शेपूची भाजी, वाटीत अळिवाची लालसर खीर आणि डिंकाचे दोन वाटोळे लाडू. बाळंतिणीला हवं ते सगळं, दीड महिना उशिरा.

अनसानं आधी गोजीला विचारलं, कुणाच्या घरातून उचललंस? गोजीनं सगळं सांगितलं. परीवर अनसाचा विश्वास बसला नाही, पण तुपाच्या वासावर बसला. ती जेवायला लागली. दोन घास खाल्ले की रडायची, मग पुन्हा दोन घास खायची, आणि मधूनच एखादा गोजीच्या तोंडात कोंबायची. दिवस बुडायच्या आत तिच्या अंगाला घाम फुटला, छाती भरून आली, आणि बाळाच्या घशातून गट, गट असा आवाज यायला लागला. गोजी कान लावून तो ऐकत बसली. जगात याहून चांगलं वाजणारं काही नसेल असं तिला वाटलं.

एक भाकरी उरली होती. गोजीनं आईला नेम पुन्हा समजावला. अनसानं मान डोलावली, भाकरी मोडली, तुकडा मोठा होता तो गोजीच्या हातात दिला आणि गोजीनं तो रस्त्यावरच्या म्हाताऱ्या बैलाला नेऊन घातला.

पण आयांची मनं विचित्र असतात. भरलेल्या ताटाकडे बघताना त्यांना उद्याचं रिकामं ताट दिसतं. शिवाय अनसाला तिच्या आईनं शिकवलं होतं, आणि तिच्या आईला तिच्या आईनं, की भाकरीची दुरडी कधी रिकामी ठेवू नये, घरातली लक्ष्मी रुसते; चतकोर का होईना, मागे ठेवावी. घरोघरी ठेवतात. त्यात वाईट काय? गोजी बैलाकडे गेली होती तेवढ्यात अनसानं चतकोर भाकरी दुरडीत फडक्याखाली सरकवली. तिला वाटलं, एवढ्याशा परीला एवढी चतकोर काय दिसणार.

दिवा लागला.

सकाळी गोजीला जाग आली ती शांततेनं. बाळ ओठसुद्धा हलवत नव्हतं. छातीवर हात ठेवला तर आत काहीतरी फार सावकाश चाललं होतं. अनसा कालपेक्षाही वाळलेली दिसत होती, जणू जेवलीच नव्हती. ती दुरडी मांडीवर घेऊन बसली होती. फडक्याखाली चतकोर नव्हती. तिथं एक पिवळं पडलेलं विड्याचं पान होतं.

"मीच केलं हे," अनसा म्हणाली. "माझ्या हातानं."

गोजीला राग आला होता. नऊ वर्षांच्या पोरीला येईल तेवढा सगळा आला होता. पण आईच्या हातांवर आणखी काही ठेवण्याजोगी जागा नव्हती.

"लक्ष ठेवायचं काम माझं होतं, आये," ती म्हणाली आणि कामाला गेली.

दुपारी परी भेटली तेव्हा ती जास्तच वाकली होती. तिच्या पंखांची कड पिवळी पडली होती. मी मुद्दाम नेलं नाही गं, ती म्हणाली, मला न्यावं लागलं. नेम मलाही आहेत. मग तिनं गाठोडं खाली उतरवलं आणि गोजीला आत बघू दिलं. आत घडी न मोडलेलं अंजिरी लुगडं होतं. पाहुण्यांसाठी राखून ठेवलेला तुपाचा गडवा होता. पाहुणे येऊन गेले होते, तूप तसंच होतं. सणाला वाजवू म्हणून ठेवलेली एक बासरी होती. कुणी कुणाला मग सांगू म्हणून न सांगितलेली माया होती, ती कापसासारखी गुलाबी आणि मऊ होती आणि सगळ्यांत जड होती. सगळ्यांच्या वर अनसाची चतकोर.

"ही माणसं लबाड होती?" गोजीनं विचारलं.

"छे. घाबरलेली होती," परी म्हणाली. "घाबरलेल्यांचं ओझं लबाडांपेक्षा जास्त भरतं. पाठीला विचार माझ्या."

गोजीनं त्या दिवशीही जेवणच मागितलं. त्या संध्याकाळी अनसानं स्वतः दुरडी उपडी करून दाखवली. उरलेली अर्धी भाकरी गोजीनं पानमळ्याच्या राखणदाराला दिली. त्याला दात नव्हते. त्यानं ती पाण्यात कुस्करून खाल्ली आणि कुणाचं लग्न आहे म्हणून विचारलं. दिवा लागला, रात्र गेली, आणि प्यालेलं दूध बाळाच्या पोटात राहिलं. सकाळी त्यानं डोळे उघडले. पण ते डोळे अजून खोल होते, आणि हातात धरलेलं बोट बाळ लगेच सोडून देत होतं.

तिसऱ्या दिवशी मुकादमानं सगळ्यांना सांगितलं की उद्यापासून वेली उतरवायच्या. वर्षातून एकदा असं करतात. उंच गेलेल्या वेली खाली उतरवायच्या, गुंडाळायच्या, मातीत पुरायच्या; मग त्या नव्यानं फुटतात. गोजीला ते ठाऊक होतं. तरी दुपार होताच ती वेलींच्या आत पळाली.

परी तिची वाट बघत होती. वेली मातीत गेल्या की मलाही त्यांच्याबरोबर जावं लागेल, ती म्हणाली. आजचं मागणं शेवटचं.

गोजीला नेम पाठ होता. तरी तिनं विचारलं, कारण न विचारून चालणार नव्हतं. "बाळ जगू दे, एवढं एकच देशील? परत काही मागणार न्हाई."

एक कवडसा परीच्या चमकीवर आला आणि सरकून गेला.

"जगणं एकदम देता येत नाही, गोजी," ती म्हणाली. "ते सगळ्यांना रोजच्या रोज मिळतं. राजालासुद्धा."

मग गोजीनं डोळे पुसले आणि आजचं जेवण मागितलं.

ते जेवण सगळ्यांत सुंदर होतं. भाकऱ्या पौर्णिमेच्या चंद्रासारख्या, खिरीवर केशराच्या काड्या तरंगत होत्या, लाडूंवरची खसखस चांदण्यांसारखी चमकत होती. अनसा जेवली. बाळाला पाजलं. आणि शेवटी दुरडीत एक चतकोर भाकरी उरली.

अनसा तिच्याकडे बघत बसली. उद्या परी नाही. उद्या ताट नाही. उद्या मुकादम वेली उतरवणार, म्हणजे बांधायचं काम नाही, म्हणजे ज्वारीही नाही. तिचा हात दुरडीवर होता आणि तो उघडत नव्हता. मला कळतंय गं, ती गोजीला म्हणाली, सगळं कळतंय, पण हाताला कळत नाही.

गोजी बाहेर जाऊन बघून आली. बैलाला गाडीला जुंपून नेलं होतं. राखणदार सुनेच्या घरी गेला होता. ऊन शेवरीच्या शेंड्यांवरून उतरून कुंपणावर आलं होतं. तिनं कुंपणापलीकडे बघितलं आणि तिच्या लक्षात आलं की कालपासून तिकडून काही ऐकू आलं नव्हतं. टोमणा नाही, खोकला नाही. धुरपाच्या छपरातून धूरही नव्हता.

तिनं आईला सांगितलं. अनसाचा चेहरा दगडासारखा झाला.

"तिला? माझ्या लेकराला काय म्हणाली ती, ठाऊक हाय न्हवं तुला?"

"ठाऊक हाय."

"मग?"

"मग काय," गोजी म्हणाली. "दुसरं कुणी न्हाई आणि दिवस बुडतोय. आणि तिनं दोन दिस चूल पेटवली न्हाई, आये."

अनसानं बाळाकडे बघितलं. मग दुरडीकडे. मग ती एकदम उठली, जणू कुणी हात धरून उठवलं, बाळाला पदरात घेतलं, चतकोर उचलली आणि कुंपणाच्या फटीतून पलीकडे गेली. गोजी तिच्यामागे धावली.

धुरपा जमिनीवर पडली होती. अंग निखाऱ्यासारखं तापलेलं, ओठांना भेगा. या घरातही आता ताप होता, म्हणून इथंही कुणी पाऊल टाकलं नव्हतं. अनसानं गोजीला दारातच थांबायला सांगितलं, बाळ तिच्याकडे दिलं, चूल पेटवून पाणी कोमट केलं, भाकरी त्यात बारीक कुस्करली आणि म्हातारीचं डोकं मांडीवर घेऊन तिला एकेक घास भरवायला लागली. ज्या मांडीवर बाळ असायचं त्याच मांडीवर.

धुरपानं चार घास गिळले आणि डोळे उघडले.

"मीठ कमी हाय," ती म्हणाली.

"उद्या जास्त..." अनसाच्या तोंडून निघालं आणि ती थबकली. मग म्हातारीचं डोकं हळूच खाली ठेवून ती उठली, मडकी धुंडाळली, मिठाचा खडा शोधून आणला आणि तिथंच, त्याच वेळी, भाकरीत घातला.

धुरपानं शेवटचा घास खाल्ला. वाटीत काही राहिलं नाही. अनसानं वाटी बोटानं पुसून तेही तिला चाटवलं.

त्या घरात दोन दिवस दिवा लागला नव्हता. अनसानं तेलाच्या थेंबात वात भिजवली आणि दिवा लावला, आणि त्याच्या पहिल्या उजेडात उंबऱ्यावर परी उभी असलेली गोजीला दिसली. ती परत न्यायला आली होती. तिनं वाटीत बघितलं, अनसाच्या हातांत बघितलं, कुंपणापलीकडल्या रिकाम्या दुरडीकडे मान वळवली. मग तिनं आपले दोन्ही तळवे पसरले. ते रिकामे होते.

"न्यायला काहीच नाही गं," ती म्हणाली, आणि तिला हसू फुटलं.

तिच्या पाठीवरचं गाठोडं आपोआप सुटलं. त्यातून अंजिरी, पिवळा, गुलाबी उजेड सांडला आणि भिंतींवर चढला. तिची पाठ सरळ झाली. पंख उघडले तसे ते सोनेरी झाले, मग पांढरे, मग इतके लख्ख की गोजीला डोळे मिटावे लागले. बाळाच्या कपाळावर काहीतरी दवासारखं गार टेकलं. गोजीनं डोळे उघडले तेव्हा उंबऱ्यावर कुणी नव्हतं. धुरपाच्या काळ्या भिंती मात्र अजून क्षणभर हिरव्या हिरव्या चमकत होत्या.

आणि बाळानं तोंड उघडलं. आधी काही आवाज आला नाही. मग असा टाहो फुटला की छपरावरची कबुतरं उडाली. भुकेला, रागावलेला, ठणठणीत टाहो. अनसा आणि गोजी एकमेकींकडे बघत राहिल्या. हसावं की रडावं ते त्यांना कळेना, म्हणून त्यांनी दोन्ही केलं.

धुरपानं मान वळवून बाळाकडे बघितलं. बराच वेळ बघितलं.

"गळा बापाचा हाय," ती म्हणाली. "पाज त्याला, अनसे. वाट कसली बघतीस?"

अनसा तिथंच, धुरपाच्या चुलीपाशी बसली आणि बाळाला पदराखाली घेतलं. तीन दिवसांतल्या दोन दिवसांचं अन्न तिच्या अंगात होतं आणि ते आता कुणालाच नेता येणार नव्हतं. छाती भरून आली. किती आलंय, किती उरेल, पहाटेला पुरेल का, हे बघायला तिनं मान खाली घातली, आणि बाळाचं तोंड दिसलं. हनुवटीवर दुधाचा एक थेंब आला होता आणि तो कानाकडे निघाला होता. अनसा त्या थेंबाकडेच बघत राहिली, तो कानापर्यंत पोचेस्तोवर. मग तिनं तो पुसला.

तर अशी ही आजची कहाणी. ऐकणाऱ्यांनी ती आजच कुणाला तरी सांगून टाकावी. ठेवली तर पिवळी पडेल.